महापौर झालेला एक मास्तर

(ज्ञातिमंडळाच्या वार्षिक संमेलनात केलेले भाषण)



मंडळाचे चिटणीस महिन्यापूर्वी आमच्या घरी आले व 'गुरुजी, या वर्षी संमेलनात चार शब्द आपण बोलावे' असे म्हणाले. आम्ही प्रथम नकारच दिला. आम्ही मॅट्रिकपर्यंत शिकलेले, उभा जन्म प्राथमिक शाळेत खडू झिजविण्यात गेलेला. या व्यासपीठावरून पूर्वी वकील, डॉक्टर व इंजिनियर बोलून गेले, त्यांच्या पंक्तीस बसण्याची आमची योग्यता नाही. परंतु चिटणीस हे आमचेच जुने विद्यार्थी. लहानपणी त्यांनी आमचे ऐकले, आता आम्ही त्यांचे ऐकणे क्रमप्राप्त झाले.

विषय आम्हीच निवडावा असे ठरले. आम्ही जो निवडला तो ऐकून काहींना आश्चर्य वाटेल. दक्षिण अमेरिकेतील कोलंबिया या देशाची राजधानी बोगोटा, आणि त्या शहराचे दोनदा महापौर झालेले अंतानास मोकुस यांची कारकीर्द, हा आमचा विषय आहे. आपल्यापैकी कोणी त्या गावी गेले असेल असे वाटत नाही; आम्हीही गेलो नाही. आमची धाकटी कन्या शहररचनेचा अभ्यास करीत असता तिने या गृहस्थांची हकीकत आम्हांस प्रथम सांगितली, व पुढे आम्ही मिळेल तेवढे वाचीत गेलो. एवढ्या दूरची गोष्ट आपल्या मंडळात का सांगावी, याचे कारण आम्ही शेवटी सांगू. ते कारण घरचेच आहे.

बोगोटा हे समुद्रसपाटीपासून सुमारे २६०० मीटर उंचीवर, डोंगराच्या कुशीत वसलेले थंड हवेचे शहर. १९९०च्या सुमारास त्याची वस्ती पन्नास लाखांच्या घरात होती. त्या काळी मादक द्रव्यांचा चोरटा व्यापार, बंडखोरांच्या सशस्त्र टोळ्या आणि त्यांच्याशी चाललेली झुंज यांनी सारा कोलंबिया देश पोखरला होता. १९९३ साली एकट्या बोगोटात दर एक लाख वस्तीमागे सुमारे ८० माणसांचे खून झाले. म्हणजे वर्षाकाठी चार हजारांहून अधिक, दिवसाला अकरा-बारा. शिवाय रस्त्यावरील अपघातांत वर्षाला सुमारे तेराशे माणसे मरत. सकाळी घराबाहेर पडलेला माणूस संध्याकाळी परत येईल, ही साधी खात्रीही तेथील गृहिणीला राहिली नव्हती. ज्या शहरात ही खात्री नाही त्यात मोठे पूल बांधले, दिवे लावले, बागा केल्या, तरी त्याला शहर म्हणावे की अरण्य म्हणावे हा प्रश्नच आहे.

अशा शहराची सूत्रे लोकांनी कोणाच्या हाती द्यावी? आपल्याला वाटेल, एखाद्या करड्या सेनापतीच्या. परंतु लोकांनी निवडला एक मास्तर.

मोकुस यांचा जन्म १९५२ साली बोगोटातच झाला. आईवडील लिथुएनियाहून येऊन तेथे स्थायिक झालेले. वडील लवकर वारले. आई शिल्पकार, मातीला आकार देणारी. मुलगा फ्रान्समध्ये गणित शिकला, परत येऊन तत्त्वज्ञान शिकला, आणि तेथील राष्ट्रीय विद्यापीठात शिकवू लागला. पुढे तो त्याच विद्यापीठाचा कुलगुरू झाला. तेथे १९९३ साली एक प्रकार घडला. तो सभ्य सभेत सांगण्यासारखा नाही, पण सांगितल्यावाचून या गृहस्थांची ओळख पुरी होत नाही. विद्यार्थ्यांच्या एका भरलेल्या सभेत इतका गोंगाट चालला होता की कुलगुरूंना कोणी बोलू देईना. तेव्हा मोकुस यांनी श्रोत्यांकडे पाठ फिरविली व आपली विजार खाली केली. सभागृह एका क्षणात चिडीचूप झाले. त्या प्रसंगाचे चित्रण देशभर दाखविले गेले आणि कुलगुरूपद सोडावे लागले. आम्ही हे कृत्य समर्थनीय मानीत नाही. आमच्या नोकरीच्या काळात असे गोंगाटाचे प्रसंग आमच्यावरही आले. आमच्या हातून छडी मोडली, डस्टर फेकून मारला गेला, आणि त्याचा पश्चात्ताप आजही होतो. परंतु शिव्या देणाऱ्या जमावाला न मारता, न घाबरविता, केवळ चकित करून गप्प करता येते, ही गोष्ट त्या दिवशी त्या मास्तराच्या ध्यानात आली असावी. त्याच्या पुढील कारकीर्दीचे बीज आम्हांस त्यातच दिसते.

कोलंबियात १९८८ पासून महापौर थेट लोकांच्या मतांनी निवडले जाऊ लागले होते, आणि १९९१च्या नव्या राज्यघटनेने शहरातील पोलीसविषयक पहिला अधिकार महापौराकडे दिला होता. म्हणून सुरक्षिततेचा जाब लोक त्यालाच विचारू शकत. १९९४च्या निवडणुकीत मोकुस कोणत्याही जुन्या पक्षाच्या आधारावाचून उभे राहिले व मोठ्या बहुमताने निवडून आले. १९९५च्या १ जानेवारीस त्यांनी कारभार हाती घेतला.

आता त्यांचा विचार काय होता तो आमच्या मोडक्या भाषेत सांगतो. माणसाच्या वागण्याला तीन लगाम असतात, असे ते मानीत. पहिला कायद्याचा: दंड होईल, तुरुंगात जावे लागेल ही भीती, अथवा कायद्याविषयीचा आदर. दुसरा स्वतःच्या सदसद्विवेकाचा: आपल्या हातून वाईट घडले ही आतली टोचणी. तिसरा लोकलाजेचा: चारचौघे काय म्हणतील, हा विचार. हे तिन्ही लगाम एका दिशेने ओढीत असतील तर घोडा नीट चालतो. परंतु कायदा ज्याला गुन्हा म्हणतो त्यालाच चारचौघे शाबासकी देऊ लागले, की शिपाई कितीही वाढवा, गाडी खड्ड्यातच जाणार. सिग्नल मोडून पुढे गेलेल्या चालकाला त्याचे मित्र 'हुशार' म्हणतात. लाच देऊन काम करून आणणाऱ्याला घरची माणसे 'व्यवहारी' म्हणतात. दारू पिऊन गाडी हाकणाऱ्याला सोबती 'मर्द' म्हणतात. मोकुस म्हणत की शहराचा खरा रोग हाच आहे, आणि त्यावर औषध शाळेतलेच हवे. सारे शहर हाच त्यांनी वर्ग केला. या साऱ्या कार्यक्रमाला त्यांनी नाव दिले 'नागरिक संस्कृती'.

प्रथम रस्ते. तेथील वाहतूक पोलीस खाते लाचखोरीने सडलेले होते. मोकुस यांनी ते खातेच बंद केले व वाहतुकीचे काम राष्ट्रीय पोलिसांकडे सोपविले. आणि चौकाचौकांत कोणाला उभे केले? मूकनटांना! तोंडाला पांढरा रंग फासलेले, एक शब्दही न बोलणारे नट. आरंभी ते वीस होते. पुढे चारशेहून अधिक तयार करण्यात आले. त्यांच्या हाती दंडाची पावती नव्हती, शिटी नव्हती, काठी नव्हती. एखादा मनुष्य वाहनांच्या मधून वेडावाकडा धावत रस्ता ओलांडू लागला की नट त्याच्या पाठोपाठ हुबेहूब त्याच्यासारखा धावे, आणि बाजूची माणसे हसत. एखादी मोटार झेब्रा पट्ट्यांवर येऊन थांबली की नट तिला हातांनी मागे ढकलण्याचे सोंग करी. जो नीट थांबे त्याला वाकून नमस्कार करी. लोक दंडापेक्षा हशाला अधिक भितात, हे त्या मास्तराने ओळखले होते. वर्गात ज्यांनी मुले सांभाळली आहेत त्यांना हे पटावयास वेळ लागणार नाही. पाच छड्या हसत खाणारा मुलगा सोबत्यांच्या एका हशाने रडू लागतो.

त्याचबरोबर सुमारे साडेतीन लाख कार्डे लोकांत वाटण्यात आली: काहींवर वर केलेला अंगठा, काहींवर खाली केलेला. कोणी वाट दिली तर पहिले दाखवावे, कोणी आडवा घुसला तर दुसरे. शिवी द्यावयाची नाही, हात उगारावयाचा नाही. केवळ कार्ड दाखवावयाचे. ज्या शहरात धक्का लागला म्हणून सुरी निघे, तेथे राग व्यक्त करण्याची एक सभ्य रीत अशी शिकविली गेली. आणि जेथे जेथे पादचारी वाहनाखाली सापडून मेले होते, अशा सुमारे पंधराशे ठिकाणी रस्त्यावर तारे रंगविण्यात आले. मेलेल्याची आठवण घरच्यांच्या भिंतीवर टांगलेल्या तसबिरीत राहते. ती त्याच जागी, डांबरावर, दुसऱ्याच्या पायाखाली ठेवावी, ही कल्पना आमच्या मनाला फार लागली.

आणखी एक गोष्ट. बोगोटाचे टॅक्सीवाले उर्मटपणाबद्दल बदनाम. मोकुस यांनी त्यांच्यावर खटले भरण्याआधी लोकांना आवाहन केले, की आपल्याला कोणी सौजन्याने वागणारा, प्रामाणिक टॅक्सीवाला भेटला असल्यास महापौरांच्या कचेरीस कळवावे. सुमारे दीडशे लोकांनी कळविले. महापौरांनी त्या चालकांना बोलावून घेतले, बाकीच्यांचे वर्तन कसे सुधारेल याचा सल्ला त्यांनाच विचारला, व त्यांना 'झेब्रा पट्ट्यांचे सरदार' असा किताब दिला. वाईटांची यादी सगळेच करतात. चांगल्यांची यादी करून तिच्यापासून आरंभ करणे हे मास्तराचे काम.

आता खुनांकडे वळू. या बाबतीत मोकुस यांच्या आधी त्याच देशातील काली नावाच्या शहरात एक वाट पडली होती. तेथे १९९२ साली रोद्रीगो गेरेरो नावाचे एक डॉक्टर महापौर झाले. साथीच्या रोगांचा अभ्यास हा त्यांचा व्यवसाय. पटकी आली तर डॉक्टर प्रथम विचारतो: कोण, कोठे, केव्हा, कशाने? त्यांनी खुनांविषयी हेच प्रश्न विचारले, आणि दिसून आले की पुष्कळसे खून आठवड्याच्या अखेरीस, पगाराच्या सुमारास, रात्री उशिरा, दारू पोटात असताना व बंदूक हाताशी असताना होतात. म्हणजे प्रत्येक मरणामागे मोठा कट असतोच असे नाही. पुष्कळदा एक बाटली आणि एक भांडण पुरते. बोगोटातही पोलीस आणि शवचिकित्सा करणारी संस्था यांचे आकडे एकत्र आणून नियमाने पाहण्याची पद्धत सुरू झाली. जो कारभारी मोजीत नाही तो केवळ अंदाजाने धावतो.

त्यातून १९९५च्या डिसेंबरात एक नियम निघाला: दारूचे गुत्ते व नाचघरे रात्री एक वाजता बंद. लोकांनी त्याला नाव दिले 'गाजर कायदा'. तिकडच्या बोलीत जो दारू पीत नाही, वेळेवर घरी जातो, अशा नाकासमोर चालणाऱ्या माणसाला 'गाजर' म्हणून चिडवितात. मोकुस यांनी ती चेष्टाच आपलीशी केली. होय, आम्ही गाजर. या, तुम्हीही व्हा! चिडविण्याचे नाव मानाचे नाव झाले, आणि त्याबरोबर लवकर घरी जाणाऱ्याची लाज गेली. आम्हांस या साऱ्या कारकीर्दीत सर्वांत खोल गोष्ट वाटते ती हीच. लोकलाज नाहीशी करता येत नाही, पण ती कोणाला वाटावी हे समाजाला बदलता येते. पिणाऱ्याला वाटावी की न पिणाऱ्याला? जाणाऱ्याला वाटावी की अडविणाऱ्याला?

पुढे शस्त्रे. ज्यांच्या घरी बंदुका होत्या त्यांनी त्या आपखुशीने आणून द्याव्या, अशी मोहीम धर्मगुरूंच्या साहाय्याने निघाली. जमा झालेल्या शस्त्रांचे लोखंड वितळवून त्यातून लहान मुलांना भरविण्याचे चमचे घडविले गेले, व त्यांवर 'मी शस्त्र होतो' अशा अर्थाची अक्षरे कोरली. जमा झालेल्या बंदुका शहरातील एकंदर बंदुकांच्या मानाने थोड्याच होत्या. परंतु त्या चमच्याने ज्या घरात पेज भरविली गेली असेल त्या घरात ती गोष्ट मुलाला सांगितल्यावाचून राहिली नसेल.

१९९७ साली मोकुस यांनी मुदत संपण्याआधीच पद सोडले, कारण त्यांना राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक लढवावयाची होती. ही त्यांची चूक होती असे आम्ही स्पष्ट म्हणतो; वर्ग चालू असता मास्तराने उठून जाऊ नये. निवडणुकीत यश आले नाही. पुन्हा महापौरपदासाठी उभे राहण्याची वेळ आली तेव्हा त्यांनी लोकांची जाहीर क्षमा मागितली. राजकारणात क्षमा मागणारा मनुष्य विरळा. लोकांनी ती दिली, आणि २००१ ते २००३ अशी दुसरी कारकीर्द त्यांना लाभली. मधल्या तीन वर्षांत एन्रिके पेन्यालोसा हे महापौर होते. त्यांचा स्वभाव व रीत निराळी. त्यांचा भर पदपथ, उद्याने, सायकलींचे मार्ग आणि बसची नवी व्यवस्था यांवर. परंतु आधीच्या माणसाने लावलेले सुरक्षिततेचे काम त्यांनी उपटून टाकले नाही. आपल्याकडे नवा अध्यक्ष आला की जुन्याची पाटी प्रथम पुसतो. असो, हे आमच्या मंडळाविषयी नाही!

दुसऱ्या कारकीर्दीतील दोन प्रसंग सांगतो. ९ मार्च २००१ रोजी रात्री पुरुषांनी आपखुशीने घरी राहावे व मुले सांभाळावी, आणि रस्ता स्त्रियांना मोकळा द्यावा, असे महापौरांनी आवाहन केले. त्या रात्री सुमारे सात लाख स्त्रिया शहरात बाहेर पडल्या, आणि बंदोबस्तही स्त्री-पोलिसांनीच सांभाळला. एका रात्रीने काय होते, असे कोणी म्हणेल. ज्या बाईने आयुष्यात रात्री दहानंतर आपले शहर पाहिलेच नाही, तिला ते एकदा पाहावयास मिळाले, हे काही थोडे नाही. दुसरा प्रसंग २००२चा. बंडखोरांनी देशभरातील महापौरांना राजीनामे द्या, नाही तर ठार करू, अशा धमक्या दिल्या. मोकुस यांना गोळी अडविणारे चिलखत घालावे लागले. त्यांनी ते घातले, पण छातीवर, नेमके हृदयाच्या जागी, बदामाच्या आकाराचे भोक कापून घातले. मी माझे रक्षण करीन, पण माझे हृदय तुमच्यापासून झाकून ठेवणार नाही, असा आम्ही त्याचा अर्थ लावतो.

फळ काय मिळाले? २००३ साली खुनांचे प्रमाण लाखामागे ८०वरून २२-२३वर आले होते. रस्त्यावरील मृत्यू वर्षाला तेराशेंवरून सुमारे सहाशेंवर. पुढील दोन दशकांतही शहर पुन्हा १९९३च्या पातळीवर गेले नाही. लोकांचा विश्वास इतका वाढला, की २००२ साली महापौरांच्या विनंतीवरून सुमारे ६३,००० कुटुंबांनी आपल्या करावर दहा टक्के रक्कम आपण होऊन जास्त भरली. कर चुकविणे ही जेथे कला मानली जाते अशा जगात हा आकडा आम्ही दोनदा वाचून पाहिला.

परंतु शिक्षकाने अर्धे सत्य शिकवू नये. हे सारे एका माणसाने केले असे म्हणणे खोटे ठरेल. उतरण १९९३नंतर, त्यांच्या येण्याआधीच सुरू झाली होती. पोलीस दलात सुधारणा झाल्या, चोरट्या व्यापाराच्या मोठ्या टोळ्या मोडल्या, पेन्यालोसांनी उजाड जागा सुधारल्या, आणि पुढे साऱ्या देशातच खून कमी झाले. कोणत्या उपायाने किती फरक पडला याविषयी अभ्यासकांत आजही मतभेद आहेत. चोऱ्या व लूटमार तर तेथील लोकांना नंतरही पुष्कळ सतावीत राहिल्या. मोकुस २०१०च्या राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीत अखेरच्या फेरीपर्यंत पोचून हरले. त्याच निवडणुकीच्या काळात आपल्याला कंपवाताचा विकार जडला आहे हे त्यांनी लोकांपासून लपविले नाही. २०१८ साली ते सिनेटवर निवडून आले. अवतारी पुरुषाची ही कथा नव्हे. पोलीस, आकडे, कायदा यांच्या जोडीला ज्याने लोकांच्या मनालाही कामाला लावले, अशा एका मास्तराची ही कथा आहे.

आता ती घरची गोष्ट.

दोन वर्षांपूर्वी आपल्या ज्ञातीतील एका लग्नास आम्ही गेलो होतो. रात्रीचे जेवण उशिरा आटोपले. कार्यालयाच्या मागील अंगणात तरुण मंडळी काय करीत होती हे आपणांस सांगावयास नको. साडेअकराच्या सुमारास त्यांतील एक मुलगा मोटारसायकलपाशी आला. तो आमचा विद्यार्थी. चौथीत असताना पाढे म्हणताना सतरावर अडे. त्याने गाडीला दोनदा लाथ मारली. दोन्ही वेळा पाय घसरला. आम्ही दहा पावलांवर खुर्चीवर बसलो होतो. आमच्यासोबत आणखी सहा-सात वडीलधारे होते. प्रत्येकाने पाहिले. आम्हांस वाटले, त्याचे वडील आत आहेत, ते सांगतील. वडिलांना वाटले असेल, मामा बाहेर आहेत. मामांना वाटले असेल, लग्नघरी शोभा कशाला करावी. कोणी एक हसून म्हणाले, 'अहो, जवान पोरं आहेत, पोचतील.' आणि आम्हीही हसलो. तो हशा अजून आमच्या कानांत आहे.

पुढे राज्यरस्त्यावर एक ट्रक दिव्याविना उभा होता. पुढचे आपणांस ठाऊक आहे. मंडळाच्या त्या वर्षीच्या स्मरणिकेत त्याचे छायाचित्र काळ्या चौकटीत छापले, खाली 'अपघाती निधन' असे दोन शब्द. शोकसभेत आम्हीच बोललो, आणि काय बोललो? दैवगती! दिवा न लावणाऱ्या ट्रकवाल्याला आम्ही दोष दिला, आणि तो दोष खराच होता. परंतु दहा पावलांवर बसलेल्या सात वडीलधाऱ्यांविषयी कोणी बोलले नाही.

हे भाषण करण्यापूर्वी आम्ही त्या मुलाच्या घरी गेलो व परवानगी मागितली. वडील काही बोलले नाहीत. आई म्हणाली, 'सांगा, गुरुजी. त्या रात्री कोणी सांगितलं नाही.'

बंधुभगिनींनो, लोकलाज आपल्या ज्ञातीत कमी आहे काय? मुळीच नाही. कोणाच्या मुलीने काय नेसले, कोणाच्या सुनेने सासूला काय उत्तर दिले, कोणी मानपानात किती खर्च केला, यावर आपण आजवर लोकलाज पाण्यासारखी ओतली. कोणाच्या मुलाने ज्ञातीबाहेर लग्न केले तर चार-चार वर्षे त्याच्या घरचे पाणी पिणे सोडले. परंतु पिऊन गाडीवर बसणाऱ्याच्या हातून किल्ली घेण्यास मात्र आम्हांस लाज वाटली. आपल्याजवळ शस्त्र होते. ते आपण भलत्याच ठिकाणी वापरले. बोगोटाच्या मास्तराने जे केले ते एवढेच: लाज जेथे हवी तेथे नेऊन ठेवली.

म्हणून मंडळापुढे आम्ही तीन लहान सूचना ठेवतो. पहिली: आपल्या प्रत्येक मंगलकार्यात जसा वाढप्यांवर एक मुख्य असतो, तसा किल्ल्यांवर एक वडीलधारा नेमावा, ज्याने घेतली असेल त्याची किल्ली त्याच्याकडे, आणि त्याला घरी पोचविण्याची जबाबदारी मंडळाची. पहिल्या वर्षी हे काम आम्ही करू. रात्री जागण्याची आम्हांस सवय आहे. परीक्षेचे पेपर तपासून झाली. दुसरी: शिरस्त्राण न घालता दुचाकीवर आलेल्यास कार्यकर्त्याने दारातच हात जोडून नमस्कार करावा, बोलू काही नये. रागावू नये, शिवी देऊ नये, कोणाच्या घराण्याचा उद्धार करू नये. हात जोडणे पुरे. तिसरी: स्मरणिकेत आपण दरवर्षी गुणवंत विद्यार्थ्यांची नावे छापतो, ती छापावीच, त्याच पानावर, ज्या तरुणांनी त्या वर्षी आपल्या सोबत्याला अडविले, घरी आणून सोडले, त्यांचीही नावे छापावी. त्यांना सोबती 'गाजर' म्हणतील. म्हणू द्यावे.

या सूचनांनी राज्यरस्ता रुंद होणार नाही, ट्रकांना दिवे लागणार नाहीत. ती कामे सरकारची, आणि ती आपण सरकारकडे मागितलीच पाहिजेत. परंतु दहा पावलांवरचे काम सरकारचे नाही. ते आमचे होते, आणि आम्ही ते केले नाही.

 मंडळाचा उत्कर्ष होवो, आणि आज येथे आलेले प्रत्येक लेकरू रात्री सुखरूप घरी पोचो, एवढी प्रार्थना करून आम्ही आपली रजा घेतो.